विनोदाचा रतीब

मराठीत विनोदी लेखक व्हायचं असेल तर आधी दुसरी नोकरी बघून ठेवावी, असा आपल्याकडचा जुना शिरस्ता आहे. श्रीपाद कृष्ण कोल्हटकर वकिली करत. चिं. वि. जोशी बडोद्यात पाली शिकवत आणि संस्थानचं दफ्तर सांभाळत. चिमणराव आणि गुंड्याभाऊ ही त्यातून उरलेल्या वेळाची कमाई. अत्रे पुण्याच्या कॅम्पात हेडमास्तर होते, द. मा. मिरासदार मराठीचे प्राध्यापक आणि शंकर पाटील पाठ्यपुस्तक मंडळात. म्हणजे ज्या माणसाच्या कथाकथनाला लोक पोट धरून हसत, तोच माणूस दिवसा पोरांना रडवणारी पुस्तकं तयार करणाऱ्या कचेरीत बसत होता. पु. ल. देशपांडे यांनी तर प्राध्यापकी, सिनेमा, आकाशवाणी अशा इतक्या खुर्च्या बदलल्या की विनोद ही त्यातली नेमकी कितवी खुर्ची, हे सांगणं कठीण. शेतकऱ्याच्या घरी परसात चार कोंबड्या असतात तसा मराठी विनोद जोडधंदा म्हणून वाढला. अंडं मिळालं तर आनंद, न मिळालं तरी चूल विझत नसे. दूरचित्रवाणीने या परसातल्या कोंबड्यांची पोल्ट्री केली. ‘टीव्हीवरच्या विनोदाला पूर्वीसारखं हसू येत नाही’ ही तक्रार हल्ली घरोघरी जेवणाच्या ताटावर टीव्हीसमोर बसूनच केली जाते. तिचं मूळ लेखकाच्या डोक्यात शोधण्याऐवजी या पोल्ट्रीत शोधावं, एवढंच मला म्हणायचं आहे.

खरं तर पोल्ट्रीपेक्षा जवळचा शब्द आहे रतीब. गवळ्याने रोज ठरल्या वेळी ठरलेलं माप दाराशी ओतायचं. म्हैस आटली, पावसाने वाट बंद झाली, घरात लग्न निघालं, तरी माप चुकता कामा नये. दूध कमी पडलं की गवळ्यापुढे एकच रस्ता उरतो आणि तो विहिरीकडे जातो. आता मालिकेचं माप बघा. आठवड्याला सहा भाग आणि जाहिराती वगळून एका भागाची बावीस मिनिटं. मिनिटाला १३० शब्द बोलले जातात असं धरू. मालिकेतल्या सासवांचा वेग याहून बराच जास्त असतो, पण त्या मध्येच थांबून एकमेकींकडे बघतातही, तेव्हा हिशेब सारखा होतो. एका भागाचे झाले २,८६० शब्द. वर्षाचे ३१२ भाग म्हणजे जवळपास नऊ लाख. साठ हजार शब्दांची एक बऱ्यापैकी कादंबरी होते, तेव्हा या हिशेबाने वर्षाला पंधरा कादंबऱ्या. हजाराहून अधिक रहस्यकथा लिहिणाऱ्या बाबूराव अर्नाळकरांना कदाचित या आकड्याचं काही वाटलं नसतं. पण त्यांना दर पानावर वाचकाला हसवायचं नव्हतं. गाडी अडली की एखादा खून पडायचा आणि पुढची दहा पानं सुखाने जायची. विनोदी मालिकेत कुणाला मारताही येत नाही. या धंद्यात चित्रित होऊन तयार असलेल्या भागांना ‘बँक’ म्हणतात. ही बँक आपल्याकडच्या बऱ्याचशा सहकारी बँकांसारखी असते: पाटी मोठी, शिल्लक नाही.

या हिशेबाला पहिला आडवा पुरावा इंग्लंडमधून येतो. जॉन क्लीझ आणि कॉनी बूथ या नवरा-बायकोने बीबीसीसाठी ‘फॉल्टी टॉवर्स’ लिहिलं. सहा भाग १९७५ मध्ये, सहा भाग १९७९ मध्ये, एकूण बारा. मधल्या काळात दोघांचा घटस्फोटही झाला, पण त्या निमित्ताने का होईना, भाग तेरावर गेले नाहीत. एकेका संहितेवर त्यांनी जितका वेळ घालवला तितक्या वेळात आपल्याकडे नायिकेचं दोनदा लग्न लावून एकदा स्मृतिभ्रंश उरकता येतो. सगळी मालिका सहा तासांची. पुण्याहून कोल्हापूरला जाणाऱ्या एसटीत बसून, साताऱ्याला चहा घेऊनही, ती संपवता येईल. याच्या समोर ठेवा ‘तारक मेहता का उल्टा चष्मा’. २८ जुलै २००८ला सुरू झालेली ही मालिका चार हजार भागांच्या पलीकडे गेली. बावीस मिनिटांच्या मापाने चार हजार भाग सलग बघायचे, तर न झोपता, न जेवता दोन महिने लागतील. आता गंमत अशी की तिचं मूळ असलेलं गुजराती सदर तारक मेहतांनी ‘चित्रलेखा’त १९७१ पासून लिहिलं आणि तेही आठवड्याला एकदा. माणूस तोच, चाळीतली पात्रं तीच. आठवड्याला एक लेख होता तोवर तो विनोदी लेखक होता. रोज एक भाग झाल्यावर त्याच पात्रांना सांभाळायला लेखकांचं अख्खं पथक लागलं. फॉल्टी टॉवर्स थोर आणि तारक मेहता टुकार, असा शेरा मारून मोकळं होणं सोपं आहे. पण पळीभर आटवलेल्या बासुंदीची आणि टँकरभर दुधाची चव एकाच जिभेने ठरवणारा माणूस दुधाचा जाणकार म्हणवत नाही.

यावर कुणीही म्हणेल, की सदरलेखकही रोज लिहितच होते. त्यांना कुठे विहिरीकडे जावं लागलं? मुद्दा रास्त आहे आणि त्याचं सर्वांत जड उदाहरण शरद जोशींचं आहे. आपले शेतकरी संघटनेचे नव्हेत. उज्जैनला जन्मलेले, हिंदीतले व्यंगकार. त्यांनी ‘नवभारत टाइम्स’मध्ये ‘प्रतिदिन’ हे रोजचं सदर चालवलं आणि १९८४ मध्ये दूरदर्शनवर आलेली ‘ये जो है ज़िंदगी’ही लिहिली. नावाचे दोन शरद जोशी एकाच काळात वावरले. एक शेतमालाला भाव मागत राहिला, दुसऱ्याच्या मालाला भावाची मागणी करणारी संघटना कुणी फारशी मनावर घेतली नाही. पण सदर आणि मालिका यांत एक फरक आहे. सदरात लेखकाला एखादा दिवस हसायचं नसेल तर तो गंभीर होऊ शकतो. वाचक म्हणतो, आज अंतर्मुख झालेत. मालिकेत एक दिवस हसू आलं नाही तर प्रेक्षक अंतर्मुख होत नाही, तो रिमोट उचलतो. शिवाय ‘ये जो है ज़िंदगी’ आठवड्यातून एकदा लागे. सतीश शाह दर भागात नवा माणूस होऊन येत, ही त्या मालिकेची लाडकी युक्ती. लेखकाला दर आठवड्याला एक नवं पात्र घडवायची चैन परवडत होती याचाच तो दाखला. रोजच्या मालिकेत नवं पात्र म्हणजे नवा नट, नव्या तारखा आणि नवं मानधन; त्यापेक्षा जुन्याच शेजाऱ्याने साखर मागायला येणं स्वस्त पडतं. दिलीप प्रभावळकरांचं ‘अनुदिनी’ हे सदर, त्यावरून २००१ मध्ये आलेली ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’, हीसुद्धा साप्ताहिक मालिका. लोक आजही तिचं नाव प्रेमाने घेतात ते तिच्या लेखनामुळेच, पण त्या लेखनाला मध्ये सहा दिवस मुरायला मिळत होते, हे प्रेम व्यक्त करताना कुणी बोलून दाखवत नाही. लोणच्याला जे कळतं ते चॅनेलला कळायला हरकत नव्हती.

आपल्याकडचा विनोदी लेखक या रतिबाला कुठून येऊन लागतो, हेही बघण्यासारखं आहे. तो बहुधा एकांकिका स्पर्धेतून येतो. पाऊण-एक तासाची एकांकिका. तिच्यासाठी महिनोन्महिने तालमी, चहाची उधारी, शेवट बारा वेळा बदललेला. पुण्याचा पुरुषोत्तम करंडक १९६३ पासून चालू आहे आणि २०२२ मध्ये तिथल्या परीक्षकांनी एकही एकांकिका करंडकाच्या तोलाची नाही म्हणून करंडक कुणालाच दिला नाही. त्यावर वाद झाले, मुलं हिरमुसली. पण कलेच्या व्यवहारात ‘यंदा काही नाही’ असं म्हणायची सोय असते हे त्यातून दिसलं. हाच लेखक चॅनेलच्या दारात उभा राहतो तेव्हा ती सोय दाराबाहेरच्या चपलांबरोबर राहते. ‘आज भाग दाखवण्याच्या लायकीचा झालेला नाही, प्रेक्षकांनी कृपया अर्धा तास भिंतीकडे बघावं’ अशी पाटी जगातल्या कुठल्याही वाहिनीने आजवर लावलेली नाही. लावली तर कदाचित गुरुवारी येणाऱ्या टीआरपीत भिंतीचा आकडा बरा निघेल, ही भीती असावी.

मग अमेरिकेत काय करतात, असा दुसरा आक्षेप तयारच असतो. तिथेही ढिगाने मालिका निघतात आणि त्यांतल्या कित्येक चांगल्या असतात. तिथे त्यांनी एका लेखकाऐवजी खोली ठेवली. १९५० ते ५४ या काळात सिड सीझरचा ‘युअर शो ऑफ शोज’ दर शनिवारी रात्री दीड तास थेट प्रक्षेपित होई. त्याच्या लेखकांच्या खोलीत मेल टॉल्किन, ल्युसील कॅलन, मेल ब्रूक्स, नील सायमन अशी माणसं एकमेकांवर ओरडत बसत. एकाचा विनोद दुसऱ्याने पाडायचा, तिसऱ्याने उचलायचा, चौथ्याने ‘माझाच होता’ म्हणायचं. त्या खोलीच्या जखमा इतक्या खोल होत्या की नील सायमनने चाळीस वर्षांनी तिच्यावर अख्खं नाटक लिहिलं. रे गाल्टन आणि ॲलन सिम्पसन ही इंग्रज जोडी तर क्षयाच्या रुग्णालयात रुग्ण असतानाच जमली. विनोदी लेखनासाठी सक्तीची विश्रांती किती उपकारक असते याचा याहून चांगला दाखला मला ठाऊक नाही. दोघांनी मिळून ‘स्टेप्टो अँड सन’ लिहिलं. खोली असो वा जोडी, तत्त्व एकच: विनोद कागदावर जाण्याआधी निदान एका माणसाने तरी तो ऐकून न हसण्याचा धोका पत्करलेला असतो. आपणही लेखक एकाहून जास्त नेमतो, पण त्यांना एका खोलीत बसवत नाही, एका रांगेत उभे करतो. कथा एकाची, पटकथा दुसऱ्याची, संवाद तिसऱ्याचे. नवरा-बायकोचं भांडण होणार हे कथाकार ठरवतो, ते स्वयंपाकघरात होणार हे पटकथाकार, त्यात कोण काय बोलणार हे संवादलेखक. चॅनेलचा क्रिएटिव्ह फोन करून सांगतो की भांडण नको, सण जवळ आलाय. आणि अखेर सेटवर नट तिसरंच काहीतरी बोलून मोकळा होतो.

या तिसऱ्याच कशाला मराठी रंगभूमीत मानाचा शब्द आहे: ॲडिशन. वसंत सबनीसांचं ‘विच्छा माझी पुरी करा’ दादा कोंडक्यांनी गाजवलं ते ॲडिशनच्याच बळावर, आणि त्या सढळ ॲडिशनमुळेच पुढे कोंडके काय म्हणाले ते लोकांना आठवतं, सबनीसांनी काय लिहिलं ते शोधावं लागतं. सबनीसांच्या नशिबी हे दुसऱ्यांदाही आलं. १९८८ चा ‘अशी ही बनवाबनवी’ ज्यांना तोंडपाठ आहे अशी माणसं गल्लोगल्ली आहेत. लग्नाच्या पंगतीत, व्हॉट्सॲपवर, ट्रॅफिकमध्ये ती त्या संवादांत बोलतात. त्यांतल्या दहांना विचारा की हे संवाद कुणी लिहिले. आठ जण नटांची नावं घेतील, एक दिग्दर्शकाचं घेईल आणि दहावा म्हणेल, ‘ते तसे बोलता बोलताच सुचले असणार.’ विनोदी लेखकाला मिळणारी सर्वांत मोठी पावती हीच, आणि ती त्याच्या नावावर फाटत नाही. म्हणून आपल्याकडच्या शहाण्या लेखकांनी एक पळवाट काढली: स्वतःच नट व्हायचं. प्रभावळकर ‘टिपरे’त आबा झाले. २०१८ पासून चालणाऱ्या ‘महाराष्ट्राची हास्यजत्रा’त समीर चौघुले, प्रसाद खांडेकर लिहितात आणि उभेही राहतात. यामागे कलेची ओढ असेलच, पण व्यवहारही पक्का आहे. आपलं वाक्य आपणच म्हटलं तर ॲडिशनही घरातच राहते.

आता त्या हसण्याकडे वळू, कारण रतिबात दुधाबरोबर शुद्धतेचं प्रमाणपत्रही द्यावं लागतं. पन्नासच्या दशकात चार्ली डग्लस नावाच्या अमेरिकी ध्वनी-अभियंत्याने एक पेटी बनवली. बटणं दाबली की हवा तसा हशा निघे, दबका, मोकळा, लाजरा, एखाद्या बाईचा उशिराने फुटलेला. लेखकाने केलेला विनोद आणि पेटीने केलेला हशा एकाच दराने पुरवले जाऊ लागले. १९७२ साली ‘मॅश’ सुरू झाली, तेव्हा युद्धभूमीवरच्या इस्पितळाच्या या मालिकेत पेटी नको असं ती लिहिणाऱ्या लॅरी गेलबार्ट आणि मंडळींचं म्हणणं होतं. वाहिनी अडून बसली. तडजोड अशी झाली की शस्त्रक्रियेच्या खोलीत कुणी हसणार नाही. इंग्लंडमध्ये बीबीसीने ती मालिका पेटीशिवाय दाखवली. आपण पेटीच्याही पुढे गेलो. आपल्या स्किटच्या कार्यक्रमांत परीक्षक म्हणून नामवंत कलावंत समोर खुर्चीत बसलेले असतात आणि कॅमेरा पंच पडला की त्यांच्याकडे जातो. पेटीला चेहरा नव्हता, इथे चेहरा आहे, डोळ्यांतलं पाणी आहे, खुर्चीवरून घसरणं आहे. लेखकाच्या बाजूने बघितलं तर ही मोठी सुधारणा आहे. निदान एका प्रेक्षकाला हसण्याचं मानधन मिळतं आणि त्यामुळे तो रिमोट उचलत नाही.

एवढं ऐकूनही चोखंदळ वाचक म्हणेलच, की रतीब मान्य, घाई मान्य, पण पुरुषाला साडी नेसवून उभं केलं की झाला विनोद, याला घाई कशी जबाबदार? हा आक्षेप मी सहज सोडणार नाही, कारण तो अर्धा खरा आहे. साडी नेसलेला पुरुष आणि गावाकडची बोली हाच एक विनोद समजून बोलणारं पात्र ही टीव्हीची रोजची शिधासामग्री आहे आणि ती खाऊन कंटाळा येतो. जाड्या माणसाच्या जाडेपणावर तेच ते ताशेरे तर कंटाळ्याच्याही पुढे जातात. तिथे लेखकाला बचाव नाही. पण साडीचं म्हणाल तर तमाशाच्या गवळणीतली मावशी पूर्वीपासून पुरुषच आहे आणि तिला कुणी उथळ म्हटलं नाही. फरक इतकाच, की मावशी फडाबरोबर पुढच्या गावाला जाते. एका गावाला ती वर्षातून एकदा भेटते. टीव्हीवरची मावशी सोमवार, मंगळवार, बुधवार भेटते आणि रविवारी तिचं पुनःप्रक्षेपणही असतं. ठोकळेबाज पात्र हे लेखकाच्या हाताशी ठेवलेलं पीठ असतं. पाहुणे अचानक आले की गृहिणी पिठलं टाकते. पिठल्याला नावं ठेवणारा पाहुणा रोज रात्री नऊला, न सांगता, सहकुटुंब येत असेल तर दोष पिठल्याकडे जात नाही. पाण्याचंही तेच. कसलेला टीव्ही-लेखक पाणी कुठे घालायचं हे जाणतो: ब्रेकनंतरच्या पहिल्या दोन मिनिटांत, फोनवरच्या संभाषणात, आणि एकाच गैरसमजाचं स्पष्टीकरण तिघांना वेगवेगळं देण्यात. दुधाची साय तो ब्रेकच्या आधी ठेवतो. हे कसब साहित्याच्या इतिहासात नोंदलं जाणार नाही, पण कसबच आहे, आणि नऊ लाख शब्दांत ते न दमता वापरणाऱ्याला मी तरी लेखकच म्हणेन.

राहता राहिला पैशाचा भाग, जो मराठी लेखांत नेहमी शेवटी आणि हळू आवाजात येतो. अमेरिकी लेखक २०२३ मध्ये १४८ दिवस संपावर होते. पुनःप्रक्षेपणाचा मोबदला, खोलीत किमान किती लेखक हवेत याची हमी आणि यंत्राकडून लिहून घेण्यावर लगाम, अशा त्यांच्या मागण्या होत्या. यंत्राला विनोद जमतो की नाही हा वाद त्यांनी फारसा घातलाच नाही. तो विनोद कुणाच्या नावाने खपणार आणि बिल कुणाचं निघणार, एवढंच विचारलं. रतिबाचा धंदा समजलेली माणसं! आपल्याकडे २०१२ च्या कॉपीराइट दुरुस्तीने चित्रपटासाठी लिहिणाऱ्या लेखकाचा रॉयल्टीचा हक्क असा बांधून दिला की तो त्याने स्वतः सोडतो म्हटलं तरी सुटू नये. कायदा उत्तम आहे. कंत्राटातले बारीक अक्षरांतले कागद त्याहून जाड आहेत. आणि टीव्हीत पैसे साधारण नव्वद दिवसांच्या उधारीने मिळण्याची रीत तर एव्हाना परंपरा झाली आहे. गवळीसुद्धा महिनाअखेरीला दाराशी उभा राहून हिशेब मागतो. आज रात्री ज्या वाक्याला तुम्ही हसाल, त्याचे पैसे लेखकाच्या खात्यात जमा होतील त्या दिवसापर्यंत त्याने आणखी सत्त्याहत्तर भाग लिहून दिलेले असतील.